व्रत चुलीपाशीच अडलंय

पत्राचा सारांश: कृष्णाकाठच्या एका गावातले ३८ वर्षांचे दिगंबर जैन शेतकरी लिहितात. साडेचार एकर ऊस, थोडी हळद, एक बैलजोडी. गेल्या भाद्रपदात दशलक्षण पर्वाचे उपवास चांगले पार पडले. त्या भरात त्यांनी चातुर्मासाला गावात असलेल्या महाराजांसमोर चार व्रतं आजन्म घेतली: रात्री चारही आहारांचा त्याग, कंदमूळ बंद, गाळलेलंच पाणी आणि रोज दोन वेळा सामायिक (ठरावीक वेळ शांत बसून जप-पाठ). पुढे महाराजांचा विहार झाला, म्हणजे ते गाव सोडून पुढे गेले, आणि कारखाने सुरू झाले. रात्री न जेवण्याचं व्रत आतापर्यंत अकरा वेळा मोडलं, त्यातलं आठ वेळा फडात वाहन भरायला उशीर झाला म्हणून. सामायिक दिवाळीपासून बंदच आहे. बायको दोन-दोन स्वयंपाकांनी वैतागली आहे. मधुमेह असलेली आई "पोरानं घेतलं, मग मीही घेते" म्हणून हटून बसली आहे. थोरला भाऊ टोमणा मारतो, "हुमणीला औषध ओततोस आणि बटाटा खात नाहीस." (हुमणी म्हणजे उसाची मुळं खाणारी अळी.) मेहुण्याने तालुक्याच्या गावी भुसार दुकानात भागी देऊ केली आहे. ते विचारतात: शेतकऱ्याला जैन धर्म पाळताच येत नाही का? शेत खंडानं देऊन दुकानात जावं का? आणि मोडलेलं व्रत सोडावं की रडतखडत पाळावं?

जय जिनेंद्र.

तुमच्या पत्रातलं सगळ्यात कामाचं वाक्य तुमच्या भावाचं आहे. शेतकऱ्याला धर्म जमत नाही असं त्यांना सुचवायचं असेल, तर ते चुकतात. पण बोट त्यांनी बरोबर जागी ठेवलंय. तुम्ही घेतलेल्या चार व्रतांपैकी तीन ताट-तांब्याची आहेत आणि एक आसनाचं. दिवसाचे दहा तास तुम्ही ज्या साडेचार एकरांत असता, तिथं लागू होईल असं त्यांत एकही नाही.

आधी शेतीचं बघू, कारण तिथं तुम्ही गृहीत धरलंय तेच तपासायला हवं. पहिल्या तीर्थंकरांनी, ऋषभदेवांनी, लोकांना जी सहा कर्मं शिकवली ती असि, मसि, कृषी, विद्या, वाणिज्य आणि शिल्प. कृषी त्यांत आहेच. समंतभद्रांच्या रत्नकरंड श्रावकाचारात श्रावकाच्या, म्हणजे जैन गृहस्थाच्या, अकरा प्रतिमा (साधनेच्या पायऱ्या) सांगितल्या आहेत. त्यातली आठवी आरंभत्याग. तिची व्याख्याच अशी आहे की नोकरी, शेती, व्यापार यांसारख्या हिंसेला कारण होणाऱ्या उद्योगांतून जो निवृत्त होतो तो. म्हणजे सातव्या पायरीपर्यंतचा, ब्रह्मचर्य घेतलेला श्रावकसुद्धा शेती करत असू शकतो. तुम्ही अजून दुसऱ्या पायरीच्या उंबऱ्यावर आहात आणि काळजी आठवीची करताय.

श्वेतांबर परंपरेत पंधरा कर्मादानांच्या, म्हणजे श्रावकानं टाळायच्या धंद्यांच्या, यादीत जमीन फोडून केलेली उपजीविका येते, हे खरं. कुणीतरी ते तुम्हाला ऐकवेलच. पण त्याच परंपरेच्या उपासकदशा सूत्रात महावीरांकडून व्रतं घेणारा आनंद श्रावक आपल्या जमिनीची मर्यादा पाचशे नांगरांची ठेवतो. त्यानं शेती सोडली नाही, तिला कुंपण घातलं. आणि आपल्याच भागाचं म्हणाल, तर १८७२ मध्ये जन्मलेले आचार्य शांतिसागर भोज गावच्या शेतकरी पाटील घराण्यातलेच.

आता हुमणी. श्रावकाच्या बाबतीत हिंसेचे चार प्रकार सांगतात. मारायचं म्हणून मारणं ती संकल्पी. चूल, झाडलोट, बांधकाम यांत होते ती आरंभी. उपजीविकेत होते ती उद्योगी. स्वतःच्या किंवा आश्रितांच्या रक्षणात होते ती विरोधी. गृहस्थ त्रस जीवांची, म्हणजे दोन इंद्रियांपासून पुढच्या हलत्या जीवांची, संकल्पी हिंसा पूर्ण सोडतो. बाकीच्या तीन प्रकारांत तो जपून वागतो. नांगराखाली गांडूळ सापडणं उद्योगी हिंसेत येतं, याबद्दल वाद नाही. सोमदेवसूरींनी यशस्तिलकात (इ.स. ९५९) कोळी आणि शेतकरी यांची जोडी दिलीय: दिवसभर एकही मासा न मिळालेला कोळी पापी, आणि नांगरताना जीव मारणारा शेतकरी तसा नाही, कारण दोघांच्या मनातला हेतू वेगळा.

पण हे वाचून लगेच सुटकेचा श्वास टाकू नका. नांगर चालवताना गांडूळ मरावं अशी तुमची इच्छा नसते. औषध ओतताना मात्र अळी मरावी हीच इच्छा असते. म्हणून फवारणी नुसती उद्योगी म्हणून खपवता येत नाही. पीक वाचवणं हा हेतू आणि मारणं हे साधन, अशी ती मधली जागा आहे, आणि जाणते लोकही तिच्यावर एकमत नाहीत. माझं मत विचाराल तर प्रश्न 'चालतं की नाही' असा ठेवूच नये. हे मारणं टाळण्यासाठी आधी जे करायला हवं होतं ते केलं का, असं विचारावं. यत्नाचार म्हणतात तो हाच.

हुमणीपुरतं सांगायचं तर कच्चं शेणखत रानात जाऊ देऊ नका. अर्धवट कुजलेल्या खतात अळीची सोय होते आणि मग दोन महिन्यांनी तुम्ही डबा घेऊन फिरता. हुमणी लागलेल्या रानात खोडव्यावर खोडवा (तोडलेल्या उसाच्या बुडख्यांतून पुन्हा घेतलेलं पीक) ठेवू नका, एक हंगाम पीक बदला. वळवाच्या पावसानंतर कडुनिंब-बाभळीवरचे भुंगेरे हलवून, गोळा करून रॉकेलच्या पाण्यात टाकायचे, हा उपाय कृषी खातं सांगतं आणि तो प्रभावी आहे. पण व्रतधाऱ्यासाठी ती सरळ हातानं केलेली संकल्पी हिंसा होते. "मी नाही केलं, गड्यानं केलं" हेही चालत नाही, त्याकडे येतोच.

उसावरच्या लोकरी मावा या किडीचा अनुभव तुमच्या भागानंच घेतलाय. २००२ च्या सुमारास सांगलीकडे तो पसरला तेव्हा फवाऱ्यांचा मारा झाला. शेवटी मावा आटोक्यात आणण्यात मोठा वाटा कोनोबाथ्रा आणि मायक्रोमस या त्याला खाणाऱ्या किडींचा होता, आणि फवाऱ्यानं आधी त्याच मरतात. म्हणून पानं उलटून बघा, या किडी दिसत असतील तर पंप खाली ठेवा. (मित्रकीटक सोडणं हीदेखील मारण्याचीच सोय झाली असं कुणी म्हणेल. बाहेरून आणून सोडणं आणि असलेल्यांना न मारणं यांत फरक आहे, इतकंच इथं पुरे.) शेजाऱ्यानं मारलं म्हणून आपणही मारून घ्यायचं, ही फवारणी कुठल्याच हेतूत बसत नाही. तिला अनर्थदंड म्हणतात, विनाकारण केलेलं पाप. औषधाचा रिकामा डबा ओढ्यात विसळणं त्याच खात्यात. डबा तीनदा विसळून ते पाणी पंपाच्या टाकीतच ओता.

याहून मोठी गोष्ट पाचटाची, म्हणजे उसाच्या वाळल्या पाल्याची. तोड झाल्यावर फड पेटवता का, हे तुम्ही लिहिलं नाही. तुमच्याकडे अजून बरेच जण पेटवतात. एका काडीत जितके त्रस जीव जातात तितके वर्षाच्या फवारणीत जात नसतील, आणि पोटासाठी त्याची गरजही नसते. पाचट सरीत दाबा. एक टन पाचटाला ८ किलो युरिया, १० किलो सिंगल सुपर फॉस्फेट आणि १ किलो पाचट कुजवणारं जिवाणू संवर्धक टाकून पाणी द्या. एकरी साधारण तीन ते चार टन पाचट निघतं, त्यावरून हिशोब करा. आधी बुडखे जमिनीलगत छाटून घ्या, नाहीतर खोडव्याचे फुटवे वरून येतात, कमजोर राहतात, आणि मग "पाचटानं खोडवा बसला" असा बोभाटा होतो. बटाटा सोडण्याआधी काडी सोडा, असं मी तुमच्या महाराजांच्या जागी असतो तर सांगितलं असतं.

बैलांचं तर शास्त्रात अगदी नाव घेऊन आहे. अहिंसाणुव्रताचे (गृहस्थाच्या अहिंसाव्रताचे) पाच अतिचार, म्हणजे व्रताला लागणारे डाग, असे: छेदन, बंधन, पीडन, अतिभारारोपण आणि आहारवारणा: कापणं, जखडणं, मारणं, झेपेपलीकडे ओझं लादणं, खाण्यापिण्याला आडकाठी करणं. ही यादी ज्यांच्या दारात जनावर आहे अशांसाठीच केलेली दिसते. हंगामात तुमची जोडी गाडीला जुंपता ना? खांदा आलाय तरी जुंपली, उतारावर पराणी टोचली, मळणीला मुसकी बांधली, खेप वाढावी म्हणून दोन मोळ्या जास्त टाकल्या. या प्रत्येकात व्रताला डाग लागतो, मग संध्याकाळी पाच वाजता जेवलात तरी. १९६५ च्या केंद्रीय नियमांतसुद्धा जनावर दिवसात नऊ तासांपेक्षा जास्त जुंपू नये, सलग पाच तासांहून जास्त नको, आणि जिथं पारा ३७ अंशांवर जातो तिथं दुपारी बारा ते तीन जुंपूच नये असं आहे. सरकार इतकं म्हणत असेल तर श्रावकानं त्याच्या एक पायरी पुढं असायला हरकत नाही.

अचौर्याचंही तसंच. न दिलेलं न घेणं याचा अर्थ आपण खिसा कापत नाही एवढाच घेतो. नांगरताना बांध कोरणं, आकडा टाकून मोटर चालवणं, दुसऱ्याच्या पाळीचं पाणी दारं फोडून घेणं, हे सगळं अदत्तादान. तुम्ही हे करता असं मी म्हणत नाही. पण या पाच-सहा गोष्टी वहीत एका बाजूला लिहून समोर 'होतं' किंवा 'होत नाही' असं लिहा. तुमच्या अकरा रात्रींपेक्षा ती वही जास्त बोलेल.

आणि परिग्रहपरिमाण, म्हणजे आपल्या मालमत्तेला घातलेली मर्यादा. चार व्रतांत हे नाही, आणि मला सगळ्यात जास्त तेच खटकलं. क्षेत्र, वास्तू, हिरण्य, सुवर्ण, धन, धान्य, दास, दासी, कुप्य, भांड असे बाह्य परिग्रहाचे दहा प्रकार आहेत. आजच्या भाषेत: जमीन किती एकरांपुढे वाढवणार नाही, घरं किती, सोनं किती तोळे, ठेव आणि हातउसने दिलेले पैसे मिळून किती, कपडे-भांडी किती. आकडा आज आहे त्यापेक्षा जास्त ठेवला तरी चालेल, आनंद श्रावकानंही ठेवला होता. पण आकडा हवा. त्यापुढचं आलं तर ते कुठं जाईल हेही आधीच लिहून ठेवा. नाहीतर त्यासाठी बायकोच्या नावानं दुसरं खातं निघतं.

आता दुकान. शेत सोडून भुसार दुकानात गेलात की हिंसा कमी होईल असं तुम्ही धरून चाललात. बघा हं. पोत्यांत सोंडे-पोरकिडे होतात, गोदामात धुरीच्या गोळ्या ठेवाव्या लागतात, आणि तिथं मारण्याचा हेतू शेतातल्याइतकाच उघड असतो. शिवाय अचौर्याचे जे पाच अतिचार सांगितलेत त्यातले दोन थेट दुकानाचेच: सदृशसन्मिश्र, म्हणजे चांगल्यात तसंच दिसणारं हलकं मिसळणं, आणि हीनाधिकविनिमान, म्हणजे घेताना एक माप, देताना दुसरं. हळदीच्या व्यापारात भेसळीचा मोह किती असतो हे तुम्ही हळद पिकवता म्हणून जाणताच. दुकान वाईट नाही. तिथं पाय घसरायच्या जागा वेगळ्या आहेत, एवढंच.

शेत खंडानं देण्याचं तर उत्तर सरळ आहे. कृत, कारित, अनुमोदित, म्हणजे स्वतः केलेलं, करवलेलं आणि त्याला मान्यता दिलेलं, हे तिन्ही मन-वचन-काया यांनी धरून नऊ प्रकार होतात. समंतभद्रांनी अहिंसाणुव्रत या नऊही बाजूंनी धरायला सांगितलंय. खंड घेणारा तुमच्यापेक्षा कमी फवारेल याची काही खात्री नाही. तो पाचट पेटवेल, बैल मारेल, आणि पैसे तुम्ही घ्याल. तुमच्या ताब्यात आहे तोवर त्या साडेचार एकरांत काय होतं ते तुम्ही ठरवू शकता. पैशासाठी, मुलांच्या शाळेसाठी दुकानात जायचं असेल तर जरूर जा, तो संसाराचा निर्णय आहे. त्यावर धर्माचं नाव घालू नका.

मोडलेल्या व्रताकडे येऊ. तुम्ही लिहिलंत, "एकदा मोडलं म्हणजे मोडलंच." परंपरा असं मानत नाही. ढळण्याच्या चार पायऱ्या सांगितल्यात: अतिक्रम, व्यतिक्रम, अतिचार, अनाचार. बैलाचं उदाहरण देतात. कुंपणाबाहेरून हिरवं रान बघून त्याचं मन चळलं, हा अतिक्रम. कुंपणात मान घातली, व्यतिक्रम. एक घास ओढला, अतिचार. कुंपण मोडून आत शिरला आणि मोकळा चरू लागला, तो अनाचार. अकरा वेळा घास ओढलात आणि प्रत्येक वेळी बाहेर आलात. "आता मोडलंच आहे तर खाऊ" असं म्हणून जेवायला बसलात, तर ते चौथं. आज तुम्ही तिसऱ्या आणि चौथ्याच्या मधे उभे आहात.

चूक व्रत मोडण्यात झाली त्याआधी घेण्यात झाली. नियम आणि यम यांत फरक आहे. ठरावीक काळासाठी घेतो तो नियम, मरेपर्यंतचा तो यम. रत्नकरंडात नियमाचे काळही दिलेत: आज, दिवस, रात्र, पक्ष, महिना, ऋतू, अयन. म्हणजे एका दिवसापासून सहा महिन्यांपर्यंत. पर्वाच्या दहा दिवसांत शेतात फारसं काम नसतं, घरात सगळे उपवासाच्या लयीत असतात, बस्तीत (जैन मंदिरात) गर्दी असते. त्या हवेत घेतलेला यम कार्तिकातल्या उसाच्या फडात टिकेल का, हे तेव्हा सुचत नाही. आधी सहा महिन्यांचा नियम, तो एकदा सगळ्या हंगामांतून पार पडला की यम, हा क्रम इतर वाचकांनीही लक्षात ठेवावा.

पण घेतलेला यम आपल्याच मनानं बारीक करता येत नाही, मग त्याला काही अर्थ राहत नाही. ज्या महाराजांकडून घेतला ते कुठं आहेत ते विचारा आणि एकदा जाऊन या. ते फार लांब असतील तर दुसऱ्या मुनींकडे, आर्यिका माताजींकडे, किंवा नांदणी-कोल्हापूरच्या मठात भट्टारकांकडे जा. आलोचना करताना, म्हणजे त्यांच्यासमोर चूक कबूल करताना, अकराचा आकडा अकराच सांगा. काही जण "एक-दोनदा झालं" म्हणतात, आणि मग मिळालेलं प्रायश्चित्त त्या सांगितलेल्या दोन वेळांपुरतंच असतं. कारणंही सांगा, आठ वेळा वाहन भरण्यात उशीर हे मुद्दाम सांगा, कारण त्यावरूनच पुढचं व्रत कसं बांधायचं ते ठरेल. जे प्रायश्चित्त देतील ते करा. भेट होईपर्यंत ज्या दिवशी चुकेल त्याच रात्री कायोत्सर्गात, म्हणजे शरीर स्थिर ठेवून, नऊ वेळा णमोकार (सत्तावीस श्वासोच्छ्वासांत) म्हणा आणि वहीत तारीख लिहा.

नवी मांडणी विचारताना ती आधी तुम्हीच तयार करून न्या. पंडित आशाधरांनी सागारधर्मामृतात सुरुवातीच्या, म्हणजे पाक्षिक, श्रावकासाठी दिवसा जेवण आणि रात्री पाणी, औषध, विडा, वेलदोडा एवढं मोकळं असं सांगितलंय. तुम्ही थेट चारही आहार, म्हणजे खाद्य, स्वाद्य, लेह्य, पेय सोडून बसलात. रात्रीच्या विजेच्या पाळीत बारा ते सहा रानात फिरणाऱ्या माणसानं पाण्याचा थेंब न घेणं धोक्याचंही आहे. उपाशी, तहानलेला, झोपमोड झालेला माणूस ओल्या हातानं स्टार्टरपाशी जातो. तिथं चक्कर आली तर पुढं काय होतं ते तुम्हाला सांगायला नको. म्हणून "पुढचे सहा महिने सूर्यास्तानंतर अन्न घेणार नाही, पाणी आणि औषध मोकळं" एवढंच मागा.

ते पाळायचं कसं? तुमच्याकडे डिसेंबरच्या सुरुवातीला सूर्य सहाच्या सुमाराला मावळतो, जूनमध्ये सात-दहाच्या आसपास. दोन घटका आधी, म्हणजे ४८ मिनिटं आधी, हात धुवायचे म्हटलं तर हिवाळ्यात सव्वापाचपर्यंत उरकायला हवं. घरी येऊन जेवायचं ठरवलंत तर हंगामात ते जमणारच नाही, तुमच्या आठ रात्री हेच सांगतात. जेवणाचा डबा दुपारीच फडात न्या. सकाळी दहाला एक जेवण, साडेचारला दुसरं: भाकरी, मटकीची किंवा हुलग्याची उसळ, शेंगदाण्याची चटणी, गूळ. दुसरं जेवण हलकं ठेवू नका. बरेच जण संध्याकाळी नाश्त्यासारखं खातात, आठ वाजता भूक लागते आणि मोडतात. पहिले पंधरा दिवस रात्री पोट ओरडेल, मग ते वेळ शिकतं.

पाण्याचं सोपं आहे, तुम्ही ते उगाच अवघड केलंय. गाळणं जाड, दुहेरी, विटलेलं नसलेलं सुती. जुनं माप ३६ अंगुळं लांब, २४ रुंद, म्हणजे अंदाजे ६८ बाय ४५ सेंटिमीटर, आणि ते दुहेरी करायचं. नुसतं गाळलेलं पाणी ४८ मिनिटं चालतं, लवंग वगैरे टाकून प्रासुक (जीवरहित) केलेलं सहा तास, उकळलेलं चोवीस तास. तुम्ही दर तासाला विहिरीवर गाळत बसलात म्हणून कंटाळलात. सकाळी उकळा, स्टीलच्या बाटल्या भरा, दुसऱ्या दिवशी त्या वेळेपर्यंत काही बघायला नको. उरलेल्यात ताजं मिसळू नका आणि तेच पुन्हा उकळू नका. गाळण्यावर राहिलेली जिवाणी (पाण्यातले बारीक जीव) मात्र त्याच विहिरीत परत गेली पाहिजे, आणि वरून फेकायची नाही, कडीच्या बादलीनं पाण्यापर्यंत नेऊन सोडायची. गाळणं पिळायचं नाही. जिवाणी गटारात ओतली तर गाळून साधलं काय?

आशाधरांच्या त्याच श्लोकाचा पहिला अर्धा भाग क्वचितच कुणी सांगतो: उपजीविकेवाचून अडलेल्या आश्रितांना, आणि दया म्हणून आश्रित नसलेल्यांनाही, पोसून मग श्रावकानं जेवावं. तुमच्या फडात बीडकडून आलेली ऊसतोड मजुरांची टोळी असेल. तिच्यातल्या बाया पहाटे तीनला उठतात. त्यांना प्यायला पाणी तुमच्या विहिरीचं गाळलेलं मिळतं की पाटातलं? साडेचारच्या डब्यात चार भाकऱ्या जास्त टाकल्या तर तुमचं ते जेवण व्रतात जास्त बसेल.

कंदमुळाचं थोडक्यात. थोडं फळ आणि फार घात, म्हणून समंतभद्रांनी मुळा आणि ओलं आलं यांना नाव घेऊन वर्ज्य म्हटलंय. सुंठ आणि वाळलेली हळद घेण्याची वहिवाट आहे, तेव्हा स्वतःच्या हळदीवरून अस्वस्थ होऊ नका. घरच्या चुलीवर मात्र तुमचं व्रत तुमच्यापुरतंच ठेवा. दोन आमट्या कशाला? एकच आमटी साध्या लाल तिखटाची करा. ज्यांना कांदा-लसूण मसाला हवा त्यांनी तो ताटात, लसणाची चटणी बाजूला. तुमच्या व्रताचं निम्मं ओझं गेले काही महिने तुमच्या बायकोनं वाहिलंय आणि ते घेताना तिला कुणी विचारलं नव्हतं. महाराजांकडे जाल तेव्हा तिला बरोबर न्या, आणि नवी मांडणी आधी तिला वाचून दाखवा.

सामायिक दोन वेळा नको, सध्या एकदा, कमीत कमी दोन घटका, ४८ मिनिटं. रात्रीच्या पाळीच्या आठवड्यात मोटर चालू करून दारं धरली की मधल्या वेळात घोंगडी टाकून बसता येतं. चारही दिशांना प्रत्येकी तीन आवर्त (जोडलेले हात गोल फिरवणं) आणि एक शिरोनती (डोकं नमवणं), मग बसून जप किंवा पाठ. फोन बंद करून लांब. सामायिकाच्या अतिचारांत अनादर आणि विस्मरण दोन्ही आहेत. घड्याळाकडे बघत उरकलेलं सामायिक पहिल्यात आणि "आज बसलो होतो का?" असा प्रश्न पडणं दुसऱ्यात. ४८ मिनिटं जमत नसतील तर त्याला सामायिक म्हणू नका. वीस मिनिटं जप केला असं म्हणा, तेही चांगलंच आहे.

राहिल्या आई. मधुमेहाच्या गोळ्या किंवा इन्सुलिन चालू असताना संध्याकाळी पाचला जेवून सकाळपर्यंत काही न घेणं म्हणजे पहाटे साखर उतरण्याला आमंत्रण. घाम, थरथर, बरळणं दिसलं तर ती साखर उतरल्याची खूण, आणि तेव्हा लगेच साखर किंवा गूळ द्यायचा, व्रत असो वा नसो. त्यांच्या डॉक्टरांना विचारल्याशिवाय जेवणाची वेळ बदलू नका. औषधाच्या वेळा बदलून काही जमतं का ते तेच सांगतील. त्यांना व्रत हवंच असेल तर त्यांच्या आवडीचं, शरीराला न लागणारं काहीतरी द्या: रोज एक माळ, अष्टमी-चतुर्दशीला हिरवी भाजी नको, सुनेला दिवसभर टोचून बोलायचं नाही. शेवटचं तुम्ही सुचवू नका, महाराजांना सुचवू द्या.